फ्रिडोलिन एल्मरची तीन मिनिटं

फ्रिडोलिन एल्मर आजवर एकेचाळीस वेळा मेला होता, आणि दर वेळी नीट मेला होता, याबद्दल आमच्या ग्लारुसच्या खोऱ्यात दुमत नव्हतं. बोगद्यात दबून मेला, प्लेगनं मेला, परक्या राजासाठी भाड्यानं लढताना मेला. एकदा तर विषारी अळंबी खाऊन मेला, आणि ती त्यानं इतक्या चवीनं खाल्ली की त्या आठवड्यात बाजारात कुणी अळंबी घेईना. टीव्हीवरच्या माहितीपटांत जुन्या काळच्या घटना नटांकडून करून दाखवतात ना, त्यातला हा नट. सकाळी पाव आणायला गेला की बेकरीवाली म्हणायची, "काल काय सुरेख पडलास रे फ्रिडली, दरीत! आमचे हे रडले. आता पुढचं मरण कधी?"

"गुरुवारी," फ्रिडोलिन सांगायचा. "बुडतोय."

सुरुवात मात्र सिनेमानं झाली होती. तेविसाव्या वर्षी, झुरिकच्या नाट्यशाळेतून ताजा ताजा बाहेर पडलेला फ्रिडोलिन एका मोठ्या चित्रपटात बर्फाखाली गाडला गेला. पडद्यावर त्याचे फक्त बूट दिसले. आईनं ते ओळखले, कारण पॉलिश तिनंच केलं होतं, आणि थिएटरात उभं राहून तिनं मागच्या चार रांगांना तसं सांगितलंही. त्यानंतरच्या चाळीस वर्षांत सिनेमात आणखी सात कामं मिळाली: दोन टपालवाले, एक पाठमोरा बिशप आणि बाकी प्रेतं. पोट भरलं ते माहितीपटांनी. आल्प्समध्ये माणसं मरायची परंपरा जुनी आहे, त्यामुळे काम कधी कमी पडलं नाही.

मेख एकच होती. माहितीपटातला माणूस बोलत नाही. तो हातवारे करतो, ओठ हलवतो, आणि वरून निवेदक सांगतो की हा मनुष्य त्या वेळी काय म्हणाला असावा. निवेदकही कायम एकच, बर्नचे एक गृहस्थ, ज्यांचा आवाज तळघरातून आल्यासारखा खोल होता. चाळीस वर्षं फ्रिडोलिनचे ओठ हलले आणि त्यातून बर्नच्या गृहस्थांचा आवाज आला. दिग्दर्शक म्हणायचे, "काहीही बोला, ऐकू येणार नाहीये." मग फ्रिडोलिन बायकोच्या बसचे थांबे म्हणायचा. त्याची बायको रेगुला खोऱ्यातली पिवळी बस चालवते, थांबे त्याला तोंडपाठ. एकदा कूरच्या एका कर्णबधिर बाईंचं पत्र आलं, ओठ वाचणाऱ्या. माहितीपट उत्तम झाला आहे, त्यांनी लिहिलं होतं, पण सोळाव्या शतकातला धर्मोपदेशक मरता मरता 'गिरणी, कारंजं, दवाखाना, स्टेशन' असं का म्हणतो? रेगुलानं ते पत्र चौकटीत घालून फ्रिजच्या वर लावलं.

लोक हसायचे, फ्रिडोलिनही हसायचा. पण त्याला एक गोष्ट मनापासून हवी होती आणि ती त्यानं रेगुलाशिवाय कुणाला सांगितली नव्हती. एकदा, मरायच्या आधी, म्हणजे खरोखरच्या, पडद्यावर स्वतःच्या आवाजात बोलायचं.

आणि त्रेसष्टाव्या वर्षी फोन आला. हॅम्बुर्गची वीबके हार्म्स नावाची दिग्दर्शिका आमच्या खोऱ्यात चित्रपट करायला आली होती. चौतिशीची, तुडतुडीत, कायम पिवळ्या रेनकोटात. गोष्ट अडीचशे वर्षांपूर्वीची. नदीवर पूल नाही, माणसं वाहून जातात. म्हातारा सुतार जोस्ट, ज्याचा मुलगा वाहून गेला आहे, गावाच्या सभेत उठून पूल बांधा म्हणून विनवतो. गाव हात वर करून नाही म्हणतं. मग हिवाळा येतो, पलीकडच्या तीरावर सुईण अडकते, अलीकडे नायिका अडलेली. थोडक्यात, पुढचा सगळा चित्रपट त्या नसलेल्या पुलावर उभा होता. जोस्टचं भाषण तीन मिनिटांचं होतं, आणि ते कुणाच्याही निवेदनाशिवाय, जोस्टनं स्वतः करायचं होतं.

"मरतो का शेवटी हा?" रेगुलानं विचारलं.

"नाही गं!" फ्रिडोलिन स्वयंपाकघरात नाचत म्हणाला. "हरतो, टोपी घालतो आणि घरी जातो. जिवंत!"

दोन महिने त्यानं ते भाषण स्वयंपाकघरात केलं. बटाटे सोलताना केलं, आंघोळ करताना केलं, हिरव्या त्सीगर चीजच्या ढेपेसमोर केलं, आणि ते चीज एवढ्या उग्र वासाचं असतं की त्याच्यासमोर जो डगमगत नाही तो कुणासमोरच डगमगत नाही. रेगुलाला बसच्या थांब्यांसारखं ते भाषण पाठ झालं. मध्येच ती म्हणायची, "'नदीला'च्या आधी श्वास घे, नाहीतर म्हशीसारख्या धापा टाकतोस." तो घ्यायचा.

आता या सगळ्यात वीबकेबाईंनी एकच चूक केली. सभेच्या प्रसंगाला अडीचशे माणसं हवी होती. बाहेरून भाड्याची माणसं आणण्याऐवजी तिनं आमच्याच खोऱ्यातली घेतली. तिचं म्हणणं, दर मे महिन्यात मैदानात गोल उभं राहून, हात वर करून कायदे करणारी माणसं इथं असताना खोटी गर्दी कशाला? अस्सल चेहरे मिळतील, अस्सल हात मिळतील. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

ऑक्टोबरातला दिवस ठरला. एकच दिवस, कारण अडीचशे माणसांना रोज सुट्टी कोण देणार! डोंगरालगतच्या कुरणात लाकडी रिंगण उभारलं. अडीचशे वर्षांपूर्वी मत फक्त पुरुषांना होतं आणि पुरुष भरले एकशे साठ. उरलेल्या नव्वद बायकांना दाढ्या चिकटवल्या. रेगुलाला तपकिरी दाढी मिळाली, छातीपर्यंत. शाळेतून निवृत्त झालेल्या मार्टीबाईंना पांढरी. मार्टीबाईंनी आरशात पाहिलं आणि म्हणाल्या, "अगदी माझे आजोबा! आणि तेही मला कधी आवडले नाहीत."

सभापतीच्या कामाला बाझेलचा नामांकित नट श्टेहेलिन आला होता. नाकानं कांदे सोलणारा माणूस, पण उभा राहिला की सभापती वाटायचा. आमच्याकडे सभापती तलवारीवर टेकून उभा राहतो आणि वर झालेले हात नुसत्या नजरेनं जोखून सांगतो, बहुमत कुठलं. त्यात शंका आली तर पुन्हा हात, पुन्हा नजर. श्टेहेलिनला तलवार दिली, ती त्याला शोभली.

पहिला टेक साडेअकराला. फ्रिडोलिन लाकडी चौथऱ्यावर चढला. त्यानं टोपी काढून हातात घेतली. समोर अडीचशे ओळखीचे चेहरे, त्यातले नव्वद चिकटवलेल्या दाढीमागे. 'नदीला'च्या आधी श्वास, त्यानं स्वतःला बजावलं.

"माझा उली एकोणीस वर्षांचा होता," तो म्हणाला. "नदीला ठाऊक नव्हतं तो कुणाचा. उद्या येणाराही कुणाचा ते तिला ठाऊक नसेल..."

कुरण चिडीचूप झालं. गाई वरच्या कुरणात होत्या, त्यांच्या घंटासुद्धा थांबल्यागत वाटल्या. खाटिक हेफ्टी, ज्याच्या दुकानातले पांढरे सॉसेज मे महिन्यातल्या सभेनंतर सगळं खोरं खातं, तो अंगानं दोन माणसांएवढा आणि मनानं दगड समजला जायचा. तो बाहीला नाक पुसायला लागला. आणि फ्रिडोलिन शेवटाला आला.

"मी सुतार आहे. मला नीट रडता येत नाही, मला पूल करता येतो. लाकूड मी देतो, मेहनत मी देतो. तुम्ही फक्त हात वर करा."

"पुलाच्या बाजूनं कोण?" श्टेहेलिननं घोषणा केली.

अडीचशे हात वर झाले.

श्टेहेलिन तलवारीवर टेकून बघतच राहिला. पण तो पडला व्यावसायिक, संहितेला धरून राहणारा. घसा खाकरून त्यानं आपलं वाक्य म्हटलं, "सभेनं पूल नाकारला आहे."

आणि मग जे झालं ते वीबकेला हॅम्बुर्गमध्ये कुणी शिकवलं नव्हतं. आमच्याकडे चोराला माफी आहे, दारुड्याला तर आहेच आहे, पण हात चुकीचे जोखणाऱ्या सभापतीला नाही.

"काय?" हेफ्टी गरजला. "डोळे फुटले का तुझे?"

"पुन्हा! पुन्हा हात!"

"त्यानं फक्त डावीकडेच पाहिलं! मी बघत होते!"

"बाझेलचा आहे तो, त्याला काय कळतंय!"

"कट! कट!" वीबके पिवळ्या रेनकोटात रिंगणात धावत आली. "अहो, काय करताय? तुम्ही पुलाच्या विरोधात आहात!"

"कोण म्हणतं?" मार्टीबाईंनी दाढी सावरत विचारलं.

"संहिता म्हणते!"

"तिला मत आहे का?"

वीबकेनं समजावलं. कथा, हिवाळा, सुईण, सगळं सांगितलं. सगळ्यांनी माना डोलावल्या. अतिशय समजूतदार लोक आहोत आम्ही. दुसऱ्या टेकला फ्रिडोलिन आणखी बरा बोलला, कारण पहिल्या टेकनं त्याला पंख फुटले होते, आणि हात पुन्हा वर. सगळे नाही, पण दोन तृतीयांश तरी.

"हेफ्टी!" फ्रिडोलिनच चौथऱ्यावरून ओरडला. "तू तर कबूल केलं होतंस!"

"मी खाली ठेवला होता रे," हेफ्टी ओशाळून म्हणाला. "तू 'लाकूड मी देतो' म्हणालास आणि तो आपला आपण वर गेला."

मार्टीबाई तोवर चौथऱ्यापाशी पोचल्या होत्या. आमच्या सभेत कुणीही नागरिक उठून दुरुस्ती सुचवू शकतो आणि मार्टीबाई गेली चाळीस वर्षं ती सुचवत आल्या होत्या. "माझी दुरुस्ती आहे," त्या म्हणाल्या. "पुलाला दोन्ही बाजूंनी कठडा असावा. मुलं असतात."

"आणि छप्पर!" मागून कुणीतरी. "छप्पर नसलं की लाकूड कुजतं."

"छपराला माझा विरोध आहे, वारा धरतं ते!"

अर्धा तास छपरावर वादविवाद चालला. कॅमेरामन जेवून आला. श्टेहेलिनला आता इतकी गोडी लागली होती की तो तलवार उचलून वक्त्यांना क्रम द्यायला लागला होता. छप्पर अगदी थोडक्या मतांच्या फरकानं मंजूर झालं, आणि या वेळी त्यानं हात बरोबर जोखले, तेव्हा टाळ्याही मिळाल्या. वीबके गवतावर बसली होती.

"ऐका," ती शेवटी उठून म्हणाली. आवाज जवळजवळ रडवेला. "हा अभिनय आहे. तुम्हाला खरं मत द्यायचं नाहीये. खोटं खोटं, विरोधात हात वर करायचाय. एवढंच."

 खोटा हात! कुणीतरी भर चर्चमध्ये शिंकावं तसं लोक एकमेकांकडे बघू लागले.

"बाई," हेफ्टी समजुतीनं म्हणाला, "अभिनय फ्रिडलीला येतो. आम्ही नागरिक आहोत."

तेव्हा तीन वाजायला वीस मिनिटं होती. ऑक्टोबरात साडेतीनला सूर्य ग्लेर्निशच्या कड्यामागे जातो आणि मग आमच्या खोऱ्यात दिवस असूनही उजेड नसतो, हे इथल्या कोंबड्यांनाही ठाऊक आहे. वीबकेनं कड्याकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं, आणि फ्रिडोलिनला बाजूला बोलावलं.

"एल्मरसाहेब, तुम्ही फार सुंदर बोलता," ती म्हणाली. "तोच घोटाळा आहे. मी असं करते, भाषण काढते. तुम्ही लांबून दिसाल, ओठ हलतील. वरून निवेदन घालू. बर्नचे ते एक गृहस्थ आहेत ना..."

फ्रिडोलिनला पुढचं ऐकूच आलं नाही. एकेचाळीस वेळा मरून जे झालं नव्हतं ते त्या क्षणी झालं, त्याच्या अंगातलं सगळं रक्त बुटांत उतरलं. चाळीस वर्षं, आणि पुन्हा गिरणी, कारंजं, दवाखाना, स्टेशन. त्याला रडू आलं आणि ते त्यानं लपवलंही नाही.

"एक टेक," तो म्हणाला. "एकच द्या. मी वाईट बोलतो."

"वाईट?"

"भिकार बोलतो. हात वर होणार नाहीत."

तो चौथऱ्यावर चढला. जे तीन मिनिटांचं भाषण त्यानं दोन महिने बटाट्यांना ऐकवलं होतं, त्याची त्यानं स्वतःच्या तोंडानं माती करायला घेतली. अडखळला. शब्द गिळले. 'उली'च्या जागी नुसता आवंढा गिळला. श्वास भलतीकडेच घेतला आणि म्हशीसारख्या धापा टाकल्या. 'लाकूड मी देतो'ला तर त्याचा आवाजच फुटेना, कारण आपण आपलंच काय करतो आहोत हे त्याला कळत होतं. शेवटचं वाक्य पुटपुटून तो खाली मान घालून उभा राहिला.

"पुलाच्या बाजूनं कोण?"

एकमतानं मंजूर. कॅमेरामनचाही हात वर होता.

"बिचाऱ्याला बोलवेना रे!" हेफ्टी हुंदके देत शेजाऱ्याला सांगत होता. "पोटचा पोर गेलाय त्याचा!"

वीबकेनं डोक्यावर रेनकोटाची टोपी ओढून घेतली. सव्वातीन झाले होते. ध्वनिमुद्रण करणारा माणूस हळूहळू तारा गुंडाळायला लागला.

आणि त्या वेळी गर्दीतून एक तपकिरी दाढी पुढे आली, चौथऱ्याच्या पायऱ्या चढली आणि फ्रिडोलिनच्या शेजारी उभी राहिली. रेगुलाचा आवाज रोज बसच्या इंजिनावरून मागच्या सीटपर्यंत जातो. तिला माइकची गरज नव्हती.

"मला विरोधात बोलायचंय," ती म्हणाली.

"कॅमेरा!" वीबके टोपीच्या आतून ओरडली. "चालू करा, चालू करा!"

"जोस्ट सुतार खरं बोलला," रेगुला म्हणाली. "त्याच्याइतकं खरं या रिंगणात आजवर कुणी बोललं नाही, आणि मी त्याला तुमच्यापेक्षा जास्त वेळा ऐकलंय. पण शेजाऱ्यांनो, एक सांगा. पूल काय फक्त इकडून तिकडे जातो? तो तिकडून इकडेही येतो."

रिंगणात चुळबुळ झाली.

"आणि तिकडे कोण राहतं? श्वित्सवाले!"

"हं," हेफ्टी म्हणाला. शेजारच्या श्वित्स प्रांताशी आमचं पिढ्यान्‌पिढ्या वाकडं.

"आज नदी आहे म्हणून बरंय. उद्या पूल झाला की दर रविवारी येतील. आपण जेवून डोळा लावला की हे आलेच, गाड्या घेऊन, पोरं घेऊन, तुतारी फुंकत. आपल्या झऱ्यावर घोडे धुतील. आपल्या दारात गाडी लावतील आणि वर आपल्यालाच म्हणतील, जरा सरका. आपल्या गाई बघतील आणि हसतील."

"हसतील?" मागून.

"हसतात ते. मला माहीत आहे. आणि मग," रेगुलानं आवाज खाली आणला, वळणावर बस हळू करावी तसा, "मग आपण त्यांना घरात घेऊ, कारण आपण भले लोक. ताटात आपलं त्सीगर ठेवू. आणि ते नाक धरून म्हणतील, याला वास येतो."

असा हुंकार उठला की वरच्या कुरणातल्या गाई वळून बघू लागल्या.

"पुलाच्या बाजूनं कोण?" श्टेहेलिननं घाईनं विचारलं, कारण ग्लेर्निशचा कडा सूर्याला खेटला होता. मोजके हात, त्यात मार्टीबाईंचा, कठड्यासाठी म्हणून. "विरोधात कोण?"

सगळं रिंगण वर उठलं. हातच हात, दाढ्या हलताहेत, काहींनी तर दोन दोन वर केलेले, आणि सगळ्यांच्या आधी, चौथऱ्यावरच, त्याच्या अगदी खांद्याशी, रेगुलाचा.

फ्रिडोलिन बघत राहिला. हे खोटं नव्हतं. ज्यांनी सकाळपासून तीनदा त्याला पूल दिला होता, त्यांनी आता खरंच, मनापासून, डोळ्यांत पाणी नसताना तो काढून घेतला होता. हेफ्टीनंही. त्याच्या चेहऱ्यावर जे उमटलं ते नाट्यशाळेत शिकवत नाहीत. क्षणभर त्याला वाटलं, ओरडावं, नदीला ठाऊक नाही रे! पण आमच्याकडे सभेत हरलेला माणूस ओरडत नाही. तो टोपी घालतो, सभापतीला मान लववतो आणि पायऱ्या उतरून गर्दीत जाऊन उभा राहतो, ज्यांनी हरवलं त्यांच्याच शेजारी. फ्रिडोलिननं तेच केलं. हेफ्टीनं त्याला जागा करून दिली.

"सभेनं पूल नाकारला आहे," श्टेहेलिन म्हणाला. कुणीही हरकत घेतली नाही.

सूर्य गेला. वीबके गवतातून धावत आली, तिनं आधी फ्रिडोलिनला मिठी मारली आणि मग रेगुलाला, आणि दाढी तिच्या रेनकोटाला चिकटून निघून आली.

"भाषण राहणार," ती श्वास न घेता म्हणाली. "दुसऱ्या टेकचं, सगळं, तीन मिनिटं. निवेदन नाही, काही नाही!"

घरी जाताना बसमध्ये ते दोघंच होते. रेगुला चालवत होती, फ्रिडोलिन तिच्या मागच्या सीटवर. हनुवटीला गोंद राहिला होता तिच्या, ती एका हातानं खरवडत होती.

"श्वित्सवाले खरंच इतके वाईट आहेत?" त्यानं विचारलं.

"वेडा आहेस का? माझी आई तिथली."

"मग?"

"मग काय. तिला सांगू नकोस." तिनं वळणावर त्या बसचा तीन सुरांचा भोंगा वाजवला. "पूल गेला तर गेला, फ्रिडली. तुझं भाषण जायला नको होतं."

तो इतका हसला की त्याला ठसका लागला. पुढच्या दोन थांब्यांवर कुणी चढलं नाही.

पुढच्या एप्रिलमध्ये, रविवारी सकाळी अकरा वाजता, आमच्या इथल्या थिएटरात तो चित्रपट लागला. सगळं खोरं लोटलं. फ्रिडोलिन आणि रेगुला शेवटच्या रांगेत बसले, कारण पुढे बसायची त्याची छाती झाली नाही. पुढच्या रांगांत हेफ्टी दोन खुर्च्या भरून, मार्टीबाई मांडीवर पेस्ट्रीचा डबा घेऊन, अर्धी बदामाची, अर्धी प्लमची. फ्रिडोलिनला आईची आठवण झाली. आज ती असती तर उभी राहून सांगायला तिला बूट शोधावे लागले नसते.

पडद्यावर रिंगण आलं. जोस्ट सुतार चौथऱ्यावर चढला. रेगुलानं अंधारात फ्रिडोलिनचं मनगट धरलं.

"श्वास," ती पुटपुटली.

पडद्यावरच्यानं घेतला.

"माझा उली एकोणीस वर्षांचा होता. नदीला ठाऊक नव्हतं तो कुणाचा..."

थिएटरात कुणी हललं नाही. पेस्ट्रीच्या डब्याचं झाकण अर्धवट उघडं राहिलं. आणि जोस्ट 'मी सुतार आहे'ला आला तशी पुढून चौथ्या रांगेत हालचाल झाली. सभापतीनं अजून विचारलंसुद्धा नव्हतं. हेफ्टीचा भला थोरला हात आपला आपण वर गेला. मग त्याच्या शेजारचा. मग मार्टीबाईंचा, हातात पेस्ट्रीसकट. मग रांगच्या रांग.

फ्रिडोलिननं शेजारी पाहिलं. रेगुलाचाही वर होता.

"तू?" तो कुजबुजला. "तू तर विरोधात होतीस!"

"ते गेल्या वर्षी," ती पडद्यावरून नजर न हलवता म्हणाली. "दर वर्षी सभा कशाला असते मग?"

आता सगळं थिएटर हात वर करून बसलं होतं, आणि शेवटच्या रांगेतून पडदा दिसेनासा झाला. चाळीस वर्षांनी तिथं त्याचा चेहरा आला होता, पाठमोरा नाही, बर्फाखाली नाही, आणि फ्रिडोलिनला तो बोटांच्या फटींतून जेमतेम तुकड्यातुकड्यानं दिसत होता. त्यानं मान उंचावूनही पाहिली नाही. तो डोळे मिटून ऐकत राहिला.

"लाकूड मी देतो, मेहनत मी देतो," हातांच्या त्या सगळ्या गर्दीवरून आवाज शेवटच्या रांगेपर्यंत येत होता. "तुम्ही फक्त हात वर करा."

आणि तो आवाज बर्नच्या गृहस्थांचा नव्हता.